मंथरेचा डावा डोळा

घरी आजी असेल तर तिला एवढंच विचारा, “मंथरा कशी बघायची गं?” बहुतेक आजी उत्तर देणार नाहीत. त्या पाठ थोडी वाकवतील, मान तिरकी करतील आणि डावा डोळा बारीक करून तुमच्याकडे अशा बघतील, की हातातला लाडू तुम्ही नकळत मागे लपवाल!

१९८७ साली दूरदर्शनवर ‘रामायण’ मालिका सुरू झाली. रविवारी सकाळी ती लागली की रस्त्यावर चिटपाखरू दिसत नसे. २०२०च्या टाळेबंदीत ती पुन्हा दाखवली, तेव्हा तुमच्यापैकी काहींनी पाहिलीही असेल. त्यातली मंथरा म्हणजे ललिता पवार. त्या वेळी त्यांनी सत्तरी ओलांडली होती. आणि त्यांचा तो डोळा अभिनयासाठी मुद्दाम बारीक केलेला नव्हता. तो तसाच होता. का, ते पुढे सांगते. आधी आपल्याला येवल्याला जायचंय.

नाशिकहून निफाड, विंचूर ओलांडून संभाजीनगरच्या रस्त्याला लागलं की येवला येतं. पैठणीचं गाव. तात्या टोपेही इथलेच. याच गावात १८ एप्रिल १९१६ रोजी एक मुलगी जन्मली. तिचं नाव अंबा. हीच पुढे ललिता झाली आणि लग्नानंतर ललिता पवार.

ती जन्मली त्या दिवसांत, तिच्याच जिल्ह्यात, एक माणूस हलणाऱ्या चित्रांच्या नादानं झपाटलेला होता. त्र्यंबकेश्वरला जन्मलेले धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजे दादासाहेब. १९१३ साली मुंबईत ‘राजा हरिश्चंद्र’ दाखवून झाला आणि ते आपला सगळा पसारा घेऊन नाशकात आले. पुढचा चित्रपट त्यांनी इथेच केला, ‘मोहिनी भस्मासुर’.

आता गंमत ऐका. ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामतीचं काम कोणी केलं होतं? अण्णा साळुंके नावाच्या पुरुषानं! ते आधी मुंबईत एका खानावळीत स्वयंपाकी होते. सिनेमात काम करायला एकही बाई तयार होईना, म्हणून दाढीमिशा काढलेली तारामती. पुढे ‘लंका दहन’मध्ये तर याच अण्णांनी राम आणि सीता दोन्ही कामं केली. मला नेहमी वाटतं, राम सीतेशी बोलत असेल तेव्हा अण्णांची केवढी धावपळ होत असेल.

पण नाशकात दादासाहेबांचं नशीब उघडलं. रघुनाथराव गोखल्यांची चित्ताकर्षक नाटक कंपनी तेव्हा नाशकात मुक्कामाला होती. त्या कंपनीत दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई दोघीही होत्या. दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि कमलाबाई मोहिनी. भारतीय चित्रपटात काम करणाऱ्या या पहिल्या स्त्रिया. मोहिनी झालेल्या कमलाबाई तेव्हा जेमतेम तेरा वर्षांच्या होत्या, म्हणजे आजच्या हिशेबानं सातवी-आठवीतल्या. (अभिनेते विक्रम गोखले यांचं नाव ऐकलंय ना? कमलाबाई त्यांच्या आजी.)

‘मोहिनी भस्मासुर’ ३,२४५ फूट लांब होता. फूट? सिनेमा किती तासांचा ते सांगा, फूट काय सांगता? पण तेव्हा सिनेमा कापडासारखा फुटातच मोजत. कारण सिनेमा म्हणजे खरोखरच एक पट्टी होती. पस्तीस मिलिमीटर रुंद, पारदर्शक, आणि तिच्यावर एकाखाली एक छोटे छोटे फोटो. एका फुटात सोळा फोटो. यातला एकेक फोटो म्हणजे एक चौकट.

वही घ्या. ३,२४५ गुणिले १६. आलं? ५१,९२०. म्हणजे मोहिनीचा नाच आणि भस्मासुराची फजिती मिळून जवळजवळ बावन्न हजार फोटो!

आता पट्टीच्या कडा पाहा. दोन्ही कडांना भोकं असतात. त्यांत यंत्राचे दाते अडकतात आणि पट्टी पुढे सरकते. प्रत्येक चौकटीला एका बाजूला चार, दुसऱ्या बाजूला चार. बावन्न हजार चौकटींना किती झाली? ४,१५,३६०. सव्वाचार लाखांना जरा कमी. दादासाहेबांच्या सुरुवातीच्या काळात कोरी फिल्म भोकं न पाडताच येई. ती भोकं पाडायचं यंत्र घरात होतं आणि अंधाऱ्या खोलीत बसून ते चालवत सरस्वतीबाई, म्हणजे दादासाहेबांच्या पत्नी. अंधारात अशासाठी, की उजेड लागला तर फिल्म वाया. शिवाय चित्रीकरणाला आलेल्या साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाकही त्यांच्याकडेच. सिनेमात काम कर, असं दादासाहेबांनी त्यांना म्हटलं होतं म्हणे. त्या नाही म्हणाल्या. मीही नाही म्हटलं असतं!

कॅमेऱ्याला तेव्हा हँडल असे, उसाच्या चरकाला असतं तसं. एका फेऱ्यात आठ चौकटी पुढे सरकत. कॅमेरावाला सेकंदाला दोन फेरे मारी, म्हणजे सोळा चौकटी, म्हणजे बरोबर एक फूट. करून बघा. हवेत हँडल धरा आणि “एक हजार एक, एक हजार दोन” असं मोजत प्रत्येक आकड्याला दोन फेरे मारा. एक मिनिट. हात दुखला ना? आणि या एका मिनिटात तुमचा वेग कितीदा कमीजास्त झाला, ते शेजारी बसलेल्या भावंडाला विचारा. तो होणारच. माणसाचा हात आहे. मूकपटात ते चालून जाई. वेग थोडा चुकला तर राजा जरा लगबगीनं चालला असं वाटे, एवढंच. ही हँडलची गोष्ट लक्षात ठेवा, आपल्याला परत तिच्याकडे यायचंय.

या पडद्यावर शब्द नव्हते. म्हणजे ऐकू येणारे नव्हते. मध्ये मध्ये पाटी येई आणि तिच्यावर राजा काय म्हणाला ते लिहिलेलं असे. थिएटरात ज्यांना वाचता येई ते मोठ्यानं वाचत, बाकीचे ऐकत. पडद्यापुढे बसून कोणी पेटी-तबला वाजवी. म्हणून ‘मूकपट’ हे नाव मला फारसं पटत नाही. पडदा मुका होता, थिएटर चांगलंच कलकलाट करत होतं.

अशा पडद्यावर नटीला राग आलाय हे कसं कळणार? चेहऱ्यावरून. फक्त चेहऱ्यावरून. आणि तो चेहरासुद्धा खऱ्या रंगांत दिसत नसे. त्या काळातल्या बऱ्याच फिल्मला लाल रंग दिसतच नव्हता! निळा तिला भरपूर दिसे, इतका की निळं आभाळ पांढरंफटक येई. लाल मात्र काळा. म्हणजे कपाळावरचं लालचुटुक कुंकू पडद्यावर काळा ठिपका. येवल्याची लालभडक पैठणी नेसून कोणी कॅमेऱ्यापुढे उभी राहिली असती, तर पडद्यावर ती काळी चंद्रकळा नेसल्यासारखी दिसली असती. खोटं वाटतं? गणपतीच्या सजावटीतला निळा जिलेटिन कागद डोळ्यांपुढे धरा आणि त्यातून कुंकवाचा करंडा बघा. (याचा एक फायदाही होता. ज्या फिल्मला लाल दिसत नाही ती लाल दिव्याच्या उजेडात धुता येते. फोटोच्या अंधाऱ्या खोलीत लाल दिवा असायचा, तो यासाठी.)

तर, आपली अंबा. येवल्याहून पुण्याला आलेली ही मुलगी सरपोतदारांच्या आर्यन फिल्म कंपनीत पोचली आणि लहान वयातच कॅमेऱ्यापुढे उभी राहिली. १९२८च्या मूकपटात. नाव? ‘राजा हरिश्चंद्र’! हो, परत तोच. आपल्या सिनेमावाल्यांना हरिश्चंद्राचा भारीच लळा. दादासाहेबांचा १९१३चा, अंबा ज्यात होती तो १९२८चा, आणि अजून एक यायचाय.

मूकपटाच्या शाळेत ती जे शिकली ते कुठल्या पुस्तकात नव्हतं. आपल्या चेहऱ्यात चाळीसहून जास्त स्नायू असतात. भुवई उचलायचा वेगळा, नाक फेंदारायचा वेगळा, ओठाचा कोपरा खाली ओढायचा वेगळा. आणि या सगळ्यांना हुकूम सोडणारी एकच चेता. मेंदूतून चेतांच्या बारा जोड्या निघतात. त्यातली सातवी जोडी चेहऱ्याची, एक उजव्या बाजूला, एक डाव्या. ती कानाच्या खालून बाहेर येते आणि हाताच्या पंजासारखी पाच फांद्यांत गालावर पसरते. कानाखाली बोट ठेवा. तिथे. मूकपटातल्या नटीचं सगळं भांडवल म्हणजे या दोन चेता. सतारियाला सतार, तशी तिला ही सातवी जोडी.

ती सतार हातात बसतेय न बसतेय तोच सगळा खेळच बदलला.

१४ मार्च १९३१. मुंबईचं मॅजेस्टिक थिएटर. ‘आलम आरा’. पडद्यावरची माणसं चक्क बोलू लागली, गाऊ लागली! अर्देशिर इराणींनी काढलेला हा भारतातला पहिला बोलपट.

आवाज पट्टीवर कसा चढला, हे मला सगळ्यात आवडतं. आवाज म्हणजे हवेची थरथर. मायक्रोफोन त्या थरथरीची वीज करतो. ती वीज एका दिव्याच्या किरणाला नाचवते. आणि तो नाचणारा किरण फिल्मच्या कडेला, चौकटी आणि भोकं यांच्या मधल्या अरुंद जागेत, आपला माग उमटवत जातो. कुठे दाट, कुठे फिकट अशा बारीक रेघा. म्हणजे काय झालं? आवाजाचा फोटो निघाला! थिएटरात उलटा प्रवास. त्या रेघांमधून उजेड सोडायचा, पलीकडे उजेडाची वीज करणारा एक दिव्यासारखा घट ठेवायचा, आणि ती वीज कर्ण्याला द्यायची. झाला आवाज. मुळात तो उजेडच होता.

पण इथे हँडल आडवं आलं. आठवतंय ना? हातानं फिरवताना वेग चुकला तर राजा लगबगीनं चाले. आता वेग चुकला तर राजाचा आवाज उंदरासारखा चिरका होणार, आणि पट्टी मंदावली तर राणी रेड्यासारखी हंबरणार. म्हणून हँडल गेलं आणि मोटर आली. वेगही वाढला. सेकंदाला सोळाच्या जागी चोवीस चौकटी, म्हणजे दीड फूट. का? एक हिशेब करू. बाई बोलते तेव्हा तिच्या स्वरतंतूंची सेकंदाला साधारण दोनशे कंपनं होतात. सेकंदाला दीड फूट पट्टी, म्हणजे ४५७ मिलिमीटर. भागा दोनशेनं. एका कंपनाच्या वाट्याला सव्वादोन मिलिमीटर आले. ऐसपैस जागा. पण ‘श’ आणि ‘स’ म्हणताना जी सळसळ होते ती सेकंदाला पाच हजारांच्या घरात जाते. तिला मिळतो मिलिमीटरचा दहावा भाग! पट्टी सावकाश पळाली तर या रेघा एकमेकींत मिसळतात आणि ‘सासूबाई’ नीट ऐकूच येत नाहीत. ललिताबाईंना पुढे आयुष्यभर सासूच व्हायचं होतं, तेव्हा हे बरंच झालं म्हणायचं.

जुन्या मूकपटात माणसं तुरुतुरु का पळतात, तेही आता तुमचं तुम्हाला कळलं असेल. सोळाच्या वेगानं काढलेली पट्टी चोवीसच्या यंत्रावर चढवली, की ‘मोहिनी भस्मासुर’ची चोपन्न मिनिटं छत्तीस मिनिटांत उरकतात. आपले पणजोबा काही तसे पळत नव्हते.

अजून एक चमत्कार आहे. पट्टीवर एखाद्या चौकटीचा आवाज त्या चौकटीच्या शेजारी नसतोच! तो साधारण वीस चौकटी पुढे असतो. कारण दिव्यासमोर चित्र दाखवताना पट्टीला थांबत थांबत जावं लागतं. थांब, दाखव, सरक. थांब, दाखव, सरक. सेकंदाला चोवीस वेळा. आवाजाला असे हिसके चालत नाहीत, त्याला सुळसुळीत वाहती पट्टी हवी. म्हणून चित्र एका जागी दाखवायचं आणि आवाज थोडा पुढे, पट्टी शांत झाल्यावर, वाचायचा. म्हणजे नटीचे ओठ दिव्यासमोर असतात तेव्हा तिचा शब्द तिच्यापुढे हातभर निघून गेलेला असतो.

चित्रीकरणाचीही तऱ्हा बदलली. मूकपटाच्या वेळी दिग्दर्शक खुशाल ओरडत असे, “रड, अजून रड, आता मागे बघ!” आता त्यालाही गप्प बसणं आलं. कॅमेऱ्याचा खडखडाट मायक्रोफोनमध्ये शिरे. ‘आलम आरा’च्या स्टुडिओजवळून तर आगगाड्या जात. म्हणून चित्रीकरण मध्यरात्रीनंतर, गाड्या थांबल्यावर. मायक्रोफोन दिसू नयेत म्हणून कुठेतरी लपवायचे आणि नटांनी त्यांच्या आसपासच घोटाळायचं. गाणं असलं तर वाजवणारेही जवळपास दडून बसलेले, कारण गाणं नंतर भरायची सोय नव्हती. जो दिसतो त्यानंच गायचं, तिथेच, त्याच क्षणी. मध्येच कोणी शिंकलं की पुन्हा पहिल्यापासून!

आणि नटनट्या? काहींची फार पंचाईत झाली. सुलोचना नावाची त्या काळातली सगळ्यात गाजलेली मूकपटतारका, खरं नाव रूबी मायर्स. तिला हिंदुस्थानी धड बोलता येत नव्हतं. कालपर्यंत कोणाला त्याचा पत्ताही नव्हता! ती बिचारी वर्षभर घरी बसून भाषा शिकली आणि मग परतली.

पण बोलपट आला आणि मूकपट दुसऱ्या दिवशी संपला असं मात्र समजू नका. गावोगावच्या थिएटरांना नवी यंत्रं घ्यायला वेळ लागला. पुढची तीनेक वर्षं दोन्ही शेजारी शेजारी चालले. १९३२ सालचंच बघा. त्या वर्षी प्रभात फिल्म कंपनीचा ‘अयोध्येचा राजा’ आला, पहिला मराठी बोलपट. गोष्ट कोणाची? अर्थातच हरिश्चंद्राची! (तो राहिलेला, हाच.) तारामती झाल्या दुर्गा खोटे, म्हणजे एकोणीस वर्षांत तारामती अण्णा साळुंक्यांकडून दुर्गाबाईंकडे आली आणि बोलायलाही लागली. आणि त्याच वर्षी ललिताबाई काय करत होत्या? ‘कैलाश’ नावाचा मूकपट. त्यात नुसतं काम नाही, निर्मितीतही त्यांचा वाटा होता. तेव्हा त्यांचं वय सोळा! तुमच्या ताईचं दहावी-अकरावीचं चालू असतं, त्या वयात.

मग त्याही बोलत्या झाल्या. १९३५च्या ‘हिम्मत-ए-मर्दां’मध्ये त्या नायिका होत्या आणि स्वतःच्या गळ्यानं गायल्याही. पुढे ‘दुनिया क्या है’ हा बोलपट त्यांनी काढला. म्हणजे सातवी चेता तयार होतीच, आता स्वरतंतूंचीही जोड मिळाली. दोन्ही वाद्यं लागली.

आणि १९४२ साली घात झाला. ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाचं चित्रीकरण होतं. प्रसंगात भगवान, म्हणजे पुढे भगवानदादा म्हणून प्रसिद्ध झालेले नट, त्यांना थोबाडीत मारतात. खोटी खोटी मारायची होती. पण हात खरोखर बसला, आणि इतका जोरात, की ललिताबाईंच्या डाव्या डोळ्यातली शीर फुटली आणि चेहऱ्याला लकवा भरला. कानाखालचं ते बोट आठवतंय? सातवी चेता. ती रुसली की त्या बाजूची भुवई वर जात नाही, ओठ हलत नाही, डोळा मिटत नाही. तीन वर्षं उपचार चालले. लकवा ओसरला, पण डावा डोळा कायमचा बारीक राहिला.

तेव्हाच्या सिनेमात नायिका म्हणजे गोल, रेखीव, दोन्ही बाजूंनी सारखा चेहरा. त्यामुळे नायिकेची कामं संपली. त्या सव्वीस वर्षांच्या होत्या.

इथे बरेच लेखक ‘संकटाचं सोनं केलं’ असं लिहितात. मला ते वाचून रागच येतो. डोळ्याला इजा होणं यात सोनंबिनं काही नाही. खरं एवढंच, की त्यांना चेहऱ्यातला एकेक स्नायू वेगळा वापरायची सवय मूकपटातच लागलेली होती, आणि आता उजवी-डावी बाजू सारखी नाही म्हटल्यावर त्यांनी नवा हिशेब बसवला. चेहरा कॅमेऱ्याकडे किती वळवायचा, कुठली भुवई उचलायची, कधी नुसतं बघत राहायचं. १९४४च्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या. मग खाष्ट सासवा, कजाग सावत्र आया, पेटीवर बसून हिशेब विचारणाऱ्या मालकिणी. बायका थिएटरात त्यांच्या नावानं बोटं मोडत. आणि त्याच बाईंनी ‘श्री ४२०’मध्ये केळी विकणारी मायाळू गंगामाई केली. १९५९च्या ‘अनाडी’त वरून फणसासारखी काटेरी, आतून गोड अशी मिसेस डिसा केली आणि फिल्मफेअर पुरस्कार मिळवला. तोच चेहरा. तोच डोळा.

आपल्या नाशिकच्या मोहिनीचंही सांगायचं राहिलं. कमलाबाई गोखल्यांनीही बोलपटांनी गाजवलेला काळ पाहिला आणि त्यात कामं केली. १९८०चा ‘गहराई’ हा त्यांचा शेवटचा चित्रपट. मूक, बोलका, आणि वर रंगीतही! सरस्वतीबाईंनी अंधारात भोकं पाडली तेव्हापासून मोजलं तर सदुसष्ट वर्षं.

आता तुमच्यासाठी घरचा अभ्यास. ‘रामायण’मधला मंथरा कैकेयीचे कान भरते तो प्रसंग शोधा. पहिल्यांदा आवाज पूर्ण बंद करून बघा. म्हणजे १९२८ साल झालं. मग डोळे मिटून नुसता ऐका. मी हे करून पाहिलं. आवाज बंद असताना मला सगळं कळलं. पण डोळे मिटले, तेव्हा एक गंमत झाली. तिच्या बोलण्यात मध्येच एक थांबा येतो, आणि त्या थांब्यात ती नक्की काय करतेय हे मला मिटल्या डोळ्यांनी दिसत होतं.

तुम्हाला दिसतं का बघा. डावा डोळाच दिसला, तर मला कळवा.